दुसऱ्या अक्षरांत दडवलेलं वाक्य : आर्मेनियन कवी येघिशे चारेन्त्स

१९३३ साली आर्मेनियाची राजधानी येरेवान इथे एक कवितासंग्रह छापून झाला. नाव होतं 'वाटेचं पुस्तक'. त्यात 'पात्गाम' म्हणजे 'संदेश' नावाची एक कविता आहे. नेहमीसारखी डावीकडून उजवीकडे वाचली तर ती कविता आहे. पण प्रत्येक ओळीतलं फक्त दुसरं अक्षर घ्यायचं, आणि ही दुसरी अक्षरं वरून खाली वाचत जायचं, तर एक अख्खं वाक्य तयार होतं : 'ओव हाय झोघोवुर्द, को मियाक फ्रकुत्युने को हावाकाकान उझी मेज ए.' अर्थ असा : हे आर्मेनियन लोकहो, तुमची एकमेव मुक्ती तुमच्या एकवटलेल्या बळात आहे.

पहिल्यांदा हे कळतं तेव्हा वाटतं, यात लपवण्यासारखं काय आहे? एकीचं बळ ही तर आपल्याकडे चौथीच्या पुस्तकात असलेली गोष्ट. म्हाताऱ्याने मुलांना काठ्यांची मोळी मोडायला दिली, तीच. मग हे वाक्य उघड लिहायची चोरी का होती? आणि ज्याच्या कविता सोव्हिएत आर्मेनियात सगळ्यांत जास्त नावाजल्या जात होत्या, जो स्वतः क्रांतीसाठी बंदूक घेऊन लढला होता, त्याच कवीला हे का करावं लागलं?

या दोन प्रश्नांची उत्तरं मिळाली की चारेन्त्स समजतो, आणि विसाव्या शतकातला आर्मेनिया बराचसा समजतो. म्हणून सुरुवात थोडी मागून करू.

येघिशे सोघोमोन्यानचा जन्म १८९७ सालचा. घरचा व्यवसाय गालिच्यांचा, कुटुंब मूळचं इराणमधल्या माकूचं, आणि राहायला कार्स या शहरात. आर्मेनियन लोक तेव्हा दोन साम्राज्यांत विभागलेले होते. पश्चिमेकडचे उस्मानी तुर्की सुलतानाच्या राज्यात, पूर्वेकडचे रशियन झारच्या. कार्स नेमकं या दोघांच्या सीमेवरचं शहर, १८७८ पासून रशियाकडे. उंच पठार, काळ्या दगडाचा किल्ला, कडाक्याची थंडी. अशा गावात वाढणाऱ्या पोराला लहानपणापासून ठाऊक असतं की आपलं गाव कुणाच्या नकाशात राहील हे आपल्या हातात नाही.

कविता तो शाळकरी वयातच लिहू लागला. पहिली छापली गेली १९१२ साली, पहिलं छोटं पुस्तक आलं १९१४ साली : एका उदास, फिकट मुलीसाठी तीन गाणी. सतरा वर्षांचा मुलगा जे लिहील तेच. नावही त्याने बदललं. 'एन्त्स' हा आर्मेनियन आडनावांना लागणारा प्रत्यय, 'अमक्याच्या घरचा' असा अर्थ देणारा, आणि 'चार' म्हणजे वाईट, खोडकर, उपद्रवी. हे नाव त्याला कुठून सुचलं याच्या निरनिराळ्या कथा आहेत. पण आर्मेनियन कानाला 'चारेन्त्स' म्हणताच त्यातला तो 'चार' ऐकू येतोच.

मग १९१५ साल आलं.

पहिलं महायुद्ध सुरू होतं. उस्मानी सरकारने आपल्याच राज्यातल्या आर्मेनियन प्रजेला संपवायला घेतलं. २४ एप्रिलच्या रात्री कॉन्स्टँटिनोपलमध्ये आर्मेनियन लेखक, संपादक, शिक्षक, पुढारी यांची धरपकड झाली. पकडलेल्यांत दानियल वारुझान आणि सियामान्तो हे दोन मोठे कवी होते. दोघांनाही मारण्यात आलं. गावंच्या गावं सीरियाच्या वाळवंटाकडे हाकलली गेली. बहुतेक इतिहासकार मृतांचा आकडा दहा ते पंधरा लाखांच्या घरात धरतात आणि याला वंशसंहार म्हणतात. तुर्कस्तान सरकार हा शब्द आजही मान्य करत नाही.

चारेन्त्स सीमेच्या रशियन बाजूला होता म्हणून वाचला. अठरा वर्षांचा होता. तो स्वयंसेवक म्हणून आर्मेनियन तुकडीत भरती झाला आणि वान सरोवराच्या प्रदेशाकडे गेला. तिथे त्याने उद्ध्वस्त गावं आणि मेलेली शहरं पाहिली. त्यातून आलेल्या दीर्घ कवितेचं नाव 'दान्तेची दंतकथा'. इटालियन कवी दान्ते मेल्यानंतरच्या नरकातून फिरतो. चारेन्त्सच्या कवितेतली पोरं जिवंतपणी, पाठीवर पिशव्या घेऊन, त्या नरकातून चालत जातात. निघताना हसतखेळत निघतात, जणू सहलीलाच. हे मला या कवितेत सगळ्यांत जास्त लागतं : सुरुवातीचं ते हसणं. कवीला शेवट माहीत असूनही त्याने ते खोडलं नाही.

आता पहिला अवघड भाग. हे सगळं पाहिलेला माणूस बोल्शेविक का झाला?

आज मागे वळून पाहताना हे विचित्र वाटतं, पण १९१७-१८ मध्ये वीस-एकवीस वर्षांच्या आर्मेनियन मुलाच्या जागी उभं राहून पाहा. जुन्या जगाने, म्हणजे साम्राज्यांनी, राजांनी, धर्माच्या नावाने चालणाऱ्या सत्तांनी त्याला काय दाखवलं होतं? प्रेतं. रशियात क्रांती झाली आणि कुणीतरी म्हणालं, ते जुनं जग जाळून टाकू, माणसाची ओळख जात, धर्म, वंश यांवरून होणार नाही असं नवं जग उभारू. चारेन्त्सने त्यावर मनापासून विश्वास ठेवला. तो मॉस्कोत शिकायला गेला होता, १९१८ साली लाल सेनेत दाखल झाला. त्या वर्षांतल्या त्याच्या कविता म्हणजे आगीचे लोळ आहेत. 'बेभान जनसमुदाय' या कवितेत माणसांचे लोंढे सूर्याकडे झेपावतात. आणि १९१८ मधल्या एका कवितेचं नाव चक्क 'सोमा' आहे. हो, वेदांतला सोमच. जुन्या यज्ञात पिळला जाणारा, धुंदी देणारा, देवही असणारा सोम त्याने क्रांतीच्या उन्मादासाठी उचलला. कार्सच्या गालिचेवाल्याच्या मुलाला स्वतःच्या काळाची आग सांगायला ऋग्वेदातला शब्द जवळचा वाटला, याचं मला फार अप्रूप आहे.

याच काळात आर्मेनियाचं स्वतःचं एक प्रजासत्ताकही जन्मलं, मे १९१८ मध्ये. उपासमार, साथीचे रोग, लाखो निर्वासित आणि चारही बाजूंनी लढाया. ते अडीच वर्षं टिकलं. ३० ऑक्टोबर १९२० रोजी तुर्की सैन्याने कार्स घेतलं. महिन्याभरात लाल सेना आली आणि आर्मेनिया सोव्हिएत झाला. पुढच्या वर्षीच्या कराराने कार्स कायमचं तुर्कस्तानकडे गेलं. त्या कराराचं नावच 'कार्सचा करार'. म्हणजे चारेन्त्स ज्या बाजूने लढला ती बाजू जिंकली आणि त्याचं गाव गेलं. हे दोन्ही एकदमच झालं. त्याच्या पुढच्या सगळ्या लिखाणात या दोन गोष्टी एकमेकींना ओढत राहतात.

या धामधुमीतच, १९२०-२१ च्या सुमारास, त्याने ती कविता लिहिली जी आज आर्मेनियन मुलांना तोंडपाठ असते. क्रांतीचा शाहीर त्या वेळी अचानक मागे वळला आणि अठराव्या शतकातल्या सायात-नोवाच्या चालीत गाऊ लागला. सायात-नोवा हा तिफ्लिसचा, म्हणजे आजच्या तिबिलिसीचा लोकगायक, आर्मेनियन, जॉर्जियन आणि अझरबैजानी अशा तीन भाषांत गाणी रचणारा. अशा गायकांना तिकडे 'आशुघ' म्हणतात. शब्द आपल्या ओळखीचा आहे : आशिक.

कवितेची पहिली ओळ अशी उच्चारतात : 'येस इम आनुश हायास्तानी आरेवाहाम बार्न एम सिरुम.' एकेक शब्द सुटा करू. येस म्हणजे मी. इम आनुश म्हणजे माझ्या गोड. हायास्तानी म्हणजे आर्मेनियाचा, कारण आर्मेनियन लोक स्वतःला 'हाय' म्हणतात. आरेवाहाम म्हणजे सूर्याची चव असलेला. त्यातला 'आरेव' म्हणजे सूर्य, आणि भाषाशास्त्रज्ञ हा शब्द आपल्या 'रवि'चा सख्खा भाऊ मानतात. आर्मेनियन आणि मराठी या एकाच मोठ्या भाषाकुळातल्या दूरच्या बहिणी आहेत. त्यांचं 'आनुन' म्हणजे आपलं नाम, त्यांची 'दुस्त्र' म्हणजे संस्कृतातली दुहिता. शेवटचे शब्द 'एम सिरुम' म्हणजे प्रेम करतो. राहिला 'बार्न', म्हणजे शब्द. माझ्या गोड आर्मेनियाच्या सूर्यचवीच्या शब्दावर माझं प्रेम आहे.

आता गंमत बघा. पुढच्या ओळींत तो ज्या ज्या गोष्टींवर प्रेम करतो त्यांची नावं त्याच जागी येतात. लार्न एम सिरुम : जुन्या साझ या वाद्याची रडवेली तार. पार्न : मुलींचं डौलदार नृत्य. कार्न : प्राचीन शहरांचा हजार वर्षांचा दगड. यार्न : माझा आर्मेनिया, माझी यार. हा 'यार' तोच, आपल्या गाण्यांतला. आणि शेवटी सार्न : डोंगर. सुरेश भटांच्या गझला वाचलेल्या कुणालाही हे लगेच उमगेल. 'एम सिरुम' हा रदीफ, म्हणजे तसाच परत येणारा शेवट, आणि त्याआधीची यमकं, बार्न, लार्न, पार्न, कार्न, यार्न, सार्न, हे काफिये. तार, नाच, दगड, सखी, पर्वत या सगळ्यांना एकाच धाग्यात ओवणारा तो ताल आहे. कविता मोठ्याने म्हटली की अर्थ कळायच्या आधी हा ताल अंगात भिनतो.

पण पहिल्याच काफियावरून वाद आहे. आर्मेनियन लिपीत 'र'साठी दोन अक्षरं आहेत, एक कणखर आणि एक मऊ. कणखर र घेतला तर 'बार' म्हणजे शब्द. मऊ र घेतला तर 'बार' म्हणजे फळ. कविता बहुतेक ठिकाणी 'शब्द' अशीच छापलेली दिसते. फळवाल्यांचं म्हणणं असं की सूर्याची चव फळाला असते, शब्दाला कशी असेल? शिवाय पुढचे सगळे काफिये, तार, नाच, दगड, यार, डोंगर, हे मऊ र चेच आहेत. म्हणजे अर्थ आणि यमक दोन्ही त्यांच्या बाजूने बोलतं. तरी मी शब्दवाल्यांच्या बाजूचा. फळाला सूर्याची चव असते हे कुणीही सांगेल. शब्दाला ती असते हे म्हणायला कवी लागतो. आणि याच कवितेत पुढे तो जुन्या पोथ्यांवरचं प्रेम सांगतो, 'येर्काथागिर' म्हणजे 'लोहाक्षरी' या भव्य जुन्या वळणात लिहिलेल्या, प्रार्थनाच होऊन बसलेल्या पोथ्या. अक्षरांवर इतका जीव असलेला माणूस पहिल्या ओळीत शब्दच म्हणेल असं मला वाटतं.

आर्मेनियन माणसाला आपल्या अक्षरांचं किती कौतुक आहे हे इथे सांगायला हवं, कारण पुढची गोष्ट त्याच्यावरच उभी आहे. इ. स. ४०५ च्या सुमारास मेस्रोप माश्तोत्स नावाच्या धर्मगुरूने छत्तीस अक्षरांची ही लिपी घडवली. राज्य गेलं, राजे गेले, शेकडो वर्षं परक्यांचा अंमल राहिला, पण ही लिपी आणि तिच्यातल्या पोथ्या राहिल्या. माश्तोत्सला चर्चने संतपद दिलं. शत्रू आला की लोक हस्तलिखितं उचलून पळत, पुरून ठेवत. हा 'पुरून ठेवत' शब्द लक्षात ठेवा.

कवितेचा शेवट पर्वताशी होतो. सगळं जग पालथं घाला, अरारातसारखं शुभ्र शिखर नाही, असं म्हणून कवी आपल्या 'मासिस'वर, म्हणजे अरारातवर येऊन थांबतो. येरेवानमध्ये उभं राहिलं की हा पर्वत समोर दिसतो, पण तो सीमेपलीकडे आहे. तुर्कस्तानात.

विसाच्या दशकात चारेन्त्स सगळीकडे होता. १९२२ मध्ये त्याने दोन मित्रांबरोबर एक जाहीरनामा काढला, जुनी आर्मेनियन कविता संपली, आता कारखान्याची, रस्त्याची, गर्दीची कविता हवी, अशा आवेशाचा. पुढे हा आवेश त्याचा त्यानेच सोडला. १९२४-२५ मध्ये तो तुर्कस्तान, इटली, फ्रान्स, जर्मनी फिरून आला. आणि १९२६ मध्ये त्याची कादंबरी आली, 'येर्किर नाइरी', म्हणजे नाइरी देश. असीरियाच्या शिलालेखांत आर्मेनियाच्या डोंगराळ मुलखाला नाइरी म्हटलेलं आहे. कादंबरी घडते कार्ससारख्याच एका शहरात. तिथली प्रतिष्ठित मंडळी, माझुती हामो नावाचा पुढारी, दुकानदार, शिक्षक, सगळे 'नाइरी'च्या नावाने भारावलेले असतात. तो प्राचीन थोर देश पुन्हा उभा राहणार म्हणून भाषणं चालतात, आणि शहर पत्त्यांसारखं कोसळत जातं. कादंबरी हसवते, टपल्या मारते, पण प्रश्न जीवघेणा आहे : ज्या देशासाठी आपण मरायला निघालो तो कुठे आहे तरी का, की तो आपल्या डोक्यातलं मृगजळ आहे? आपलं हरवलेलं गाव ज्याच्या उरात आहे त्यानेच हा प्रश्न विचारावा, याला धैर्य लागतं.

त्याच वर्षी, सप्टेंबरमध्ये, येरेवानच्या रस्त्यावर त्याने एका तरुण मुलीवर पिस्तूल झाडलं. ती जखमी झाली, वाचली. त्याला शिक्षा झाली, तुरुंगात गेला, मुदतीआधी सुटला, आणि तुरुंगातल्या दिवसांवर त्याने पुस्तक लिहिलं. कवींच्या चरित्रात असे प्रसंग 'वादळी स्वभाव' म्हणून गुंडाळून टाकायची पद्धत आहे. मला ती मान्य नाही. गोळी त्या मुलीला लागली होती, आणि हे त्याच्या थोरवीच्या शेजारी तसंच लिहिलेलं असायला हवं. त्याच हिवाळ्यात, जानेवारी १९२७ च्या सुरुवातीला, त्याची बायको आर्पेनिक वारली. पुढे १९३१ मध्ये त्याने इझाबेलाशी लग्न केलं, दोन मुली झाल्या. थोरलीचं नाव आर्पेनिक ठेवलं, धाकटीचं आनाहित.

आता दुसरा अवघड भाग. 'राष्ट्रवादी' हा शब्द सोव्हिएत राज्यात शिवी का होता?

सुरुवातीला नव्हता, निदान तसा नव्हता. विसाच्या दशकात मॉस्कोचं धोरण होतं की प्रत्येक लोकसमूहाने आपल्या भाषेत शिकावं, लिहावं, छापावं. सूत्र असं होतं की संस्कृतीचं रूप राष्ट्रीय असावं, आशय समाजवादी. म्हणजे भांडं तुमचं, त्यातलं पाणी आमचं. आर्मेनियात या काळात शाळा निघाल्या, नाटकगृहं आली, सरकारी प्रकाशनगृह जोरात चालू झालं. चारेन्त्स तिथे साहित्य विभाग सांभाळत होता आणि जुन्या आर्मेनियन ग्रंथांपासून जगभरच्या अनुवादांपर्यंत उत्तमोत्तम पुस्तकं काढत होता. नव्या लेखकांना हात देत होता. तिशीतला तो काळ त्याच्या कामाचा सगळ्यांत भरघोस काळ असावा.

तिसाच्या दशकात वारं फिरलं. स्टालिनची पकड घट्ट झाली तशी मॉस्कोबाहेरची कोणतीही निष्ठा संशयास्पद ठरू लागली. आपल्या लोकांचा इतिहास, त्यांची हानी, त्यांची एकी याबद्दल बोलणारा माणूस उद्या वेगळं राज्य मागेल, अशी ती भीती. १९१५ च्या कत्तलीबद्दल बोलणंही हळूहळू 'राष्ट्रवाद' ठरायला लागलं. 'तुमची मुक्ती तुमच्या एकवटलेल्या बळात' हे वाक्य आता पुन्हा वाचा. मुक्ती पक्षात आहे, मॉस्कोत आहे, असं अधिकृत उत्तर असताना कुणीतरी सांगतो, ती तुमच्या एकमेकांत आहे. तेवढंच पुरेसं होतं.

मग त्याने ते लपवलं कसं? ओळींच्या अक्षरांतून शब्द गुंफायची युक्ती आपल्यालाही माहीत आहे. लग्नपत्रिकेत, वाढदिवसाच्या कवितेत नावाची अक्षरं प्रत्येक ओळीच्या सुरुवातीला आणणारे हौशी कवी गावोगाव असतात. आर्मेनियन कवितेत तर ही फार जुनी परंपरा. बाराव्या शतकातले धर्मगुरू कवी नेर्सेस श्नोर्हाली यांच्या 'पहाटेचा प्रकाश' या स्तोत्राची कडवी वर्णमालेच्या क्रमाने सुरू होतात, पहिल्या अक्षरापासून छत्तिसाव्यापर्यंत. त्यामुळे पहिल्या अक्षरांत काही लपवणं म्हणजे दारावर पाटी लावण्यासारखं. जुनी कविता वाचलेल्या कुणाचीही नजर आधी तिथेच जाईल. चारेन्त्स एक घर आत सरकला. दुसरं अक्षर.

हे किती कठीण आहे ते करून बघितल्याशिवाय कळत नाही. मराठीत तीन ओळी जुळवून पाहतो :

समई लागली, सांज उतरली,
घराच्या कडेने वाट चालली,
गाठीशी भाकर तेवढी बांधली.

दुसरी अक्षरं खाली वाचा : म, रा, ठी. पहिलं अक्षर कोणतंही चालतं म्हणून हे सोपं वाटेल, पण दुसरं अक्षर ठरलेलं असलं की ओळीचा पहिला शब्द तुमच्या हातात राहत नाही, आणि कवितेत ओळीचा पहिला शब्द म्हणजे घराचा उंबरठा. माझ्या या तीन ओळी आहेत, त्यांत फारसा अर्थही नाही. आर्मेनियन लिपीत काना-मात्रा नसतात. स्वरांना स्वतंत्र अक्षरं असतात, त्यामुळे तेवढं वाक्य बसवायला पन्नासेक ओळी लागतात, आणि त्या सगळ्यांना वरून वाचणाऱ्यासाठी अर्थ, लय, यमक सांभाळायचं. हे त्याने पानावर सगळ्यांसमोर केलं, सरकारी छापखान्यात.

'वाटेचं पुस्तक' छापून झालं आणि अडकलं. आर्मेनियन इतिहासाचा लांबलचक पट, आर्मेनियन महाकाव्यातला नायक सासूनचा दावित, मृत्यूची दर्शनं असं सगळं त्यात होतं, आणि ते वरच्यांना रुचलं नाही. काटछाट होऊन ते १९३४ मध्ये लोकांच्या हाती आलं. त्यानंतर चारेन्त्सचं पुस्तक निघालं नाही. नियतकालिकांत कुठे एखाददुसरी कविता, बस. १९३५ च्या डिसेंबरमध्ये एक आर्मेनियन शिष्टमंडळ मॉस्कोला गेलं असताना स्टालिनने विचारलं, चारेन्त्स कसा आहे? त्या काळात अशा विचारपुशीने कुणाला धीर यायचा की घाम फुटायचा, कोण जाणे.

पुढचं दीड वर्ष भराभर उतरणीचं. आर्मेनियाच्या कम्युनिस्ट पक्षाचा प्रमुख अघासी खांज्यान हा चारेन्त्सचा मित्र आणि ढाल. जुलै १९३६ मध्ये तिबिलिसीत त्याचा मृत्यू झाला. आत्महत्या असं जाहीर झालं. पुढे उघड झालं की त्याला मारलं होतं आणि त्यामागे बेरिया होता, स्टालिनचा काकेशसमधला माणूस. चारेन्त्सने मित्रावर सात सुनीतं लिहिली. छापण्याची सोय नव्हती, तरी लिहिली. लवकरच त्याला घरात नजरकैदेत ठेवलं गेलं. मूत्रपिंडाच्या आजाराच्या वेदना आणि त्यावर घेतलेल्या मॉर्फिनची जडलेली सवय, दोन्ही बरोबर. याच काळात त्याने कोमितासवर शोकगीत लिहिलं. कोमितास हे खेड्यापाड्यांतली आर्मेनियन गाणी गोळा करणारे संगीतकार. १९१५ च्या त्या एप्रिलच्या रात्री त्यांनाही पकडलं होतं. ते वाचले, पण मन कायमचं मोडलं, आणि पुढची बरीच वर्षं मनोरुग्णालयात काढून १९३५ मध्ये पॅरिसला वारले. त्यांचा देह १९३६ मध्ये येरेवानला आणला. नजरकैदेतला कवी त्या घरी परतलेल्या मृत माणसाशी बोलतो, अशी ती कविता आहे.

जुलै १९३७ मध्ये चारेन्त्सला अटक झाली. त्याचा जवळचा मित्र, कथाकार आक्सेल बाकुंत्स याला त्याच महिन्यात गोळी घातली गेली. १९१५ मध्ये उस्मानी राज्याने पश्चिमेकडचे आर्मेनियन लेखक संपवले होते. बावीस वर्षांनी पूर्वेकडचे संपवले ते त्यांच्याच मानलेल्या राज्याने. २७ नोव्हेंबर १९३७ रोजी चारेन्त्स येरेवानच्या तुरुंगाच्या दवाखान्यात मेला. चाळीस वर्षांचा होता. कुठे पुरलं ते कुणालाही सांगण्यात आलं नाही. इझाबेलाला कझाकस्तानात हद्दपार केलं. पुस्तकांवर बंदी आली, वाचनालयांतून ती काढली गेली.

अप्रकाशित कवितांची बाडं मात्र हाती लागली नाहीत. ती रेगिना घझार्यान या तरुण मैत्रिणीकडे गेली होती. ती चित्रकार, १९१५ सालची, म्हणजे तेव्हा बावीस वर्षांची. बंदी घातलेल्या कवीचा एक कागद जरी सापडला तरी काय होऊ शकतं हे तेव्हा लहान मुलालाही माहीत होतं. तिने ती हस्तलिखितं जमिनीत पुरली. शेकडो वर्षांपूर्वी पोथ्यांचं जे केलं जायचं, तेच. खांज्यानवरची सुनीतं, शेवटच्या वर्षांतल्या कविता, असं बरंच काही आज वाचता येतं ते तिच्यामुळे. माझ्यापुरतं सांगायचं तर चारेन्त्सच्या चरित्रात कवीनंतर सगळ्यांत मोठी व्यक्ती हीच. तिने हजारो ओळी वाचवल्या.

मार्च १९५३ मध्ये स्टालिन वारला. वर्षभराने, ११ मार्च १९५४ रोजी, मूळचा आर्मेनियन असलेला सोव्हिएत नेता आनास्तास मिकोयान येरेवानला आला आणि भाषणात म्हणाला की चारेन्त्सला पुन्हा वाचकांकडे आणलं पाहिजे. सतरा वर्षं जे नाव उच्चारायची बंदी होती ते व्यासपीठावरून उच्चारलं गेलं. पुस्तकं पुन्हा छापली जाऊ लागली. पुढे एका शहराला चारेन्त्सावान नाव मिळालं, येरेवानमधल्या त्याच्या घराचं १९७५ मध्ये संग्रहालय झालं, स्वतंत्र आर्मेनियाच्या हजार द्रामच्या नोटेवर त्याचं चित्र आलं. धाकटी आनाहित मोठी होऊन वडिलांच्याच साहित्याची अभ्यासक झाली.

येरेवानहून गार्नीच्या प्राचीन मंदिराकडे जाताना वोघ्जाबेर्द गावाजवळ एका टेकडीवर दगडी कमान आहे. वास्तुकार राफाएल इस्रायेल्यान याने १९५७ मध्ये बांधलेली. लोक तिला चारेन्त्सची कमान म्हणतात. आत मूर्ती नाही, समाधी नाही. दगडात त्या कवितेतली अरारातची ओळ कोरलेली आहे, आणि हवा स्वच्छ असेल त्या दिवशी कमानीच्या बरोबर मधोमध तो पर्वत दिसतो.